वास येतोय तोवर

४ एप्रिल

आज धाकटीला घराबाहेर काढलं. असं लिहिल्यावर वाईट दिसतं, पण निदान दैनंदिनीत तरी गोड शब्द शोधत बसायचं नाही असं ठरवलंय. काढलं. तिची बॅग मीच भरली. सहा जोड कपडे, चष्म्याची डबी, तिची ती चपटी उशी. ती रुग्णालयात परिचारिका आहे आणि सोमवारपासून तिला या नव्या आजाराच्या कक्षात टाकलंय. टाकलंय असं मी शेजाऱ्यांना सांगते. खरं म्हणजे ती स्वतःहून नाव देऊन आली, आणि हे मला तिच्या मैत्रिणीकडून कळलं.

घरात बाबा आहेत. वय शहात्तर. चाळीस वर्षं चहाच्या गोदामात आणि मग चाखणीच्या खोलीत काढल्यामुळे भुकटी फुप्फुसांत बसली आहे. जिना चढताना दर मजल्यावर थांबून भिंतीवरच्या सूचना वाचल्यासारखं करतात. डॉक्टर दोन वर्षांपूर्वीच म्हणाले होते की यांना साधी सर्दीसुद्धा झेपायची नाही. म्हणजे हिशेब सरळ आहे. विषाणू घरात आला तर बाबा जातील. तो ज्या वाटांनी येईल त्या बंद करायच्या, आणि सगळ्यात रुंद वाट रोज संध्याकाळी सात वाजता बेल वाजवून विचारायची, "ताई, काय केलंयस खायला?"

ती म्हणाली, मागच्या खोलीत राहते, न्हाणीघर वेगळं वापरते, ताटसुद्धा वेगळं ठेव. मी म्हटलं, हवा वेगळी वापरशील का? तिनं बॅग उचलताना एवढंच विचारलं, "बाबांना विचारलंस?"

"त्यांना काय विचारायचं. तू लाडकी आहेस, त्यांना तुझ्याबाबतीत काही कळत नाही."

बाबा आत रेडिओ ऐकत होते. आवाज नेहमीपेक्षा मोठा होता.

६ एप्रिल

धाकटी रुग्णालयाच्या वसतिगृहात राहायला गेली. एका खोलीत तिघी आहेत म्हणे. असू देत.

आज आमच्या घरच्या परीक्षेबद्दल लिहिते, कारण आता तिला महत्त्व आलंय. मी बाबांच्याच कंपनीत चहा चाखते, बावीस वर्षं झाली. नाक त्यांनीच घडवलं. लहानपणापासून सकाळी स्वयंपाकघरात तीन कप मांडायचे, तीन वेगळ्या चहापत्त्यांचे, कोरे. खिडक्या लावायच्या, पंखा बंद करायचा, कारण वाऱ्यानं वास फाटतो. मग मांडणाऱ्यालाही कळणार नाही असे कप आपापसांत फिरवायचे, दोघांनी एकाच कपावर वाकायचं, चमच्यानं मोठा भुरका मारायचा, चहा तोंडात घोळवून एकाच भांड्यात थुंकायचा आणि पत्ती कुठली ते सांगायचं. धाकटीला हे कधी जमलं नाही. ती म्हणायची, हे काय, दोन म्हशी पाणी पितायत. आई गेल्यावरही आमचा नेम एक दिवस चुकला नाही.

आता सगळे सांगतायत की हा आजार झाला की वास जातो. आमच्या ओळखीतल्या कुणाकुणाला कांदासुद्धा कळेनासा झाला. बाबांना म्हटलं, शहरात कुणाकडे नसेल असं यंत्र आपल्या घरात आहे. रोज तीनही कप ओळखले की दोघं ठणठणीत. बाबा हसले. म्हणाले, एक कप मुद्दाम फसवा ठेवत जा, म्हणजे गंमत राहील.

आज दोघांचे तीनपैकी तीन.

९ एप्रिल

कंपनी खाण्यापिण्याच्या मालाची, म्हणून चालू आहे. रस्ते मोकळे. चौकात पोलिसानं ओळखपत्र लांबूनच बघितलं आणि हातानं हाकलल्यासारखं पुढे जायला सांगितलं.

चाखणीच्या खोलीत आम्ही पाच जण. लांब पांढरा ओटा, चाळीस कप ओळीत, मागे चाकांची पिकदाणी. साहेबांनी नवे नियम काढलेत. प्रत्येकाला स्वतःचा चमचा, दाराशी हात धुवायचे आणि आत येताना दालचिनी, लवंग आणि केरोसीन अशा तीन बाटल्या हुंगून दाखवायच्या. ओळखलं तर आत. मास्क दारापर्यंतच, कारण तो लावून चाखणार कसं. खिडक्या नेहमीसारख्या बंद.

माझ्या शेजारी भोंगा उभा असतो. त्याचा भुरका गिरणीच्या भोंग्यासारखा लांबून ऐकू येतो म्हणून हे नाव, आणि त्याला स्वतःलाही ते आवडतं. केरोसीनची बाटली हुंगून तो म्हणाला की ही पत्ती लिलावात नक्की जाईल. सगळे हसले. घरी जाऊन बाबांना सांगितलं, तेही हसले, मग खोकले, मग मी गप्प झाले.

१३ एप्रिल

धाकटी आली होती. फाटकाबाहेर उभी राहून मला फोन केला आणि वर बघत बोलली. मी गॅलरीत. चेहरा अर्धा झाकलेला, पण डोळ्यांखाली मास्कचा वळ उठलेला वरूनही दिसत होता. पहारेकऱ्याच्या खुर्चीवर तिनं एक पिशवी ठेवली. आत बोटाला लावायचं यंत्र होतं, रक्तातला प्राणवायू मोजायचं. चौऱ्याण्णवच्या खाली गेला तर लगेच फोन कर म्हणाली. या आजारात माणूस हसत बोलत असतो आणि आतून प्राणवायू संपत असतो, त्याला स्वतःला कळत नाही, असंही म्हणाली.

इथवर ठीक होतं. मग बाबांनी मागून येऊन सकाळच्या परीक्षेचं कौतुकानं सांगितलं आणि तिचा आवाज बदलला.

"ताई, ते बंद कर. वास जाणं हे एक लक्षण आहे, सगळ्यांना नसतं. काहींना काहीच होत नाही आणि तेही दुसऱ्याला देतात. बंद खोलीत नुसत्या बोलण्यातून पसरतो, तुमच्या भुरक्यांतून तर फवाराच उडत असेल. निदान खिडक्या उघड."

मी म्हटलं, त्या कक्षात तू जातेस, मी नाही. आम्हाला आमचं नाक शिकवू नकोस.

त्यावर तिनं बाबांना फोन द्यायला सांगितला. ते दोघं पंधरा मिनिटं बोलले. काय बोलले माहीत नाही. बाबा खाली बघून हात हलवत होते, आणि ती फाटकाच्या गजांना हात न लावता, लांब उभी राहून, दोन म्हशींची नक्कल करून दाखवत होती. बाबा इतके हसले की त्यांना बसवावं लागलं. माझ्याबरोबर ते असे हसत नाहीत.

पिशवी दोन दिवस गॅलरीत उन्हात ठेवणार आहे.

१४ एप्रिल

इमारतीच्या समितीला चिठ्ठी लिहिली. रुग्णालयात काम करणारी व्यक्ती फाटकाशी येते, रहिवाशांना धोका आहे, वगैरे. खाली सही केली नाही. डाव्या हातानं लिहिलं, म्हणजे मला लाज वाटत होती हे उघड आहे. तरी टाकली.

१६ एप्रिल

समिती कामाला लागली. कुठल्याही रुग्णालयाच्या माणसाला आत प्रवेश नाही. शिवाय फाटकावर वही ठेवलीय. कोण केव्हा गेलं, केव्हा आलं, कशासाठी, सगळं लिहायचं. वरच्या मजल्यावरची काकू जिन्यात भेटली, म्हणाली की तुझ्या बहिणीचं ऐकून फार वाईट वाटलं. चेहऱ्यावर वाईट वाटल्याचं काही नव्हतं. मी म्हटलं, नियम म्हणजे नियम.

१८ एप्रिल

भोंग्यानं आज दालचिनी आणि लवंगेत गल्लत केली. साहेब म्हणाले, पुन्हा हुंग. पुन्हा चूक. मग केरोसीन पटकन ओळखलं. तो म्हणाला, रात्रभर पंख्याखाली झोपलो, नाक चोंदलंय. मी म्हटलं, नाक गहाण टाकलंस का? सगळे हसले आणि साहेबांनी आत घेतला, कारण लिलाव सोमवारी आहे आणि नमुने एकशेवीस होते. आम्ही दोघांनी मिळून साठ केले, एकेका कपावर आधी तो, मग मी. त्याचा आवाज आज बसका होता.

आमच्या घरी तीनपैकी तीन.

२० एप्रिल

भोंगा आला नाही. पित्त झालंय म्हणे.

२२ एप्रिल

अंग मोडून आल्यासारखं वाटतंय. काल बाबांच्या खोलीतलं कपाट ओढून मागची धूळ काढली, त्याचाच परिणाम. घसाही जरा खवखवतोय, धुळीनंच. मनात एकदा शंका आली, लपवत नाही. म्हणून सकाळी परीक्षा नेहमीपेक्षा कडक घेतली. एकाच मळ्यातल्या दोन वेगळ्या तोडणीच्या पत्त्या ठेवल्या आणि फसवा कप वेगळा. खिडक्यांच्या फटीतसुद्धा फडकं कोंबलं. मी तीनही ओळखले. नाक इतकं तल्लख कधी नव्हतं, बाबांच्या सदऱ्याचा साबणसुद्धा कळत होता. बाबांनीही तीन ओळखले.

शंका गेली. कामावर मात्र गेले नाही, पाठ फारच धरलीय.

२४ एप्रिल

काल दिवसभर झोपून होते. आजही दुपारपर्यंत. कपाट ओढणं माझ्या वयाला शोभत नाही. मध्ये कधीतरी जाग आली तर उशाशी पाणी, एक गोळी आणि कपाळावर ओली पट्टी. बाबा खुर्ची ओढून बसले होते. म्हटलं, कशाला हे सगळं? म्हणाले, थकवा आहे तुला, पडून राहा. मी पुन्हा झोपले. संध्याकाळी उठले तेव्हा त्यांनी सगळी भांडी घासून ठेवली होती. परीक्षेचा नेम दोन दिवस चुकला, आयुष्यात पहिल्यांदा.

२६ एप्रिल

मला एकदम बरं वाटतंय. परीक्षा पुन्हा सुरू. बाबा आज म्हणाले, ओट्यावर नको, खिडकीपाशी उजेडात करू. कप त्यांनी एकेक करून उचलून उजेडात धरले, पत्ती चमच्यानं उलटीपालटी केली, मग वाकून भुरका मारला. तीनपैकी तीन. जुन्या माणसांची पद्धत किती शिस्तीची. मी घाईनं नुसतं नाक खुपसते.

दुपारी माझ्या हातून सूपमध्ये मीठ दोनदा पडलं. मला घोटभरसुद्धा जाईना. बाबांनी वाटी संपवली आणि छान झालंय म्हणाले. माझं मन राखायला काहीही करतात.

२८ एप्रिल

साहेबांचा फोन. भोंग्याला तोच आजार. परवा रात्री रुग्णालयात नेलं. खोलीतले आणखी दोघं तापानं पडलेत. कंपनी दोन आठवडे बंद आणि सगळ्यांनी तपासणी करून घ्यायची.

मी करणार नाही. तपासणीच्या रांगेत दोनशे माणसं खोकत उभी आहेत, तिथून आजार घरी आणायचा का? आणि मला काय झालंय? आज सकाळी मी डोळे मिटून तीनही कप सांगितले.

धाकटीला हे सांगितलं नाही. उगाच शहाणपणा शिकवेल.

३० एप्रिल

बाबांना कोरडा खोकला. जुनाच आहे. यंत्र लावलं, पंचाण्णव.

२ मे

घाईत लिहितेय. सकाळी बाबा खुर्चीत बसून शब्दकोडं सोडवत होते. मला एका उभ्या शब्दाचं विचारलं, माझी थट्टा केली. ओठ जांभळट वाटले म्हणून यंत्र लावलं. पंच्याऐंशी. त्यांचे हात गार होते, म्हणून चोळून पुन्हा लावलं. चौऱ्याऐंशी. धाकटीला फोन केला आणि का कोण जाणे, ब्याण्णव सांगितलं. जणू आकडा मी सांगेन तसा राहील.

ती म्हणाली, "यंत्राचा फोटो पाठव." पाठवला. त्यानंतर तिचा आवाज मी कधी ऐकला नव्हता तसा होता, सपाट, परक्या बाईचा. गाडी पाठवतेय, बाबांना पालथं झोपव, खिडक्या उघड.

गाडीतली माणसं डोक्यापासून पायापर्यंत पांढऱ्यात गुंडाळलेली. बाबा स्वतः चालत जिना उतरायला निघाले, त्यांनी खुर्चीत बसवलं. मला गाडीत बसू दिलं नाही. बाबा म्हणाले, कोडं पुसू नकोस, येऊन पुरं करतो.

३ मे

धाकटीच्याच कक्षात आहेत. एक्स-रेत दोन्ही फुप्फुसं पांढरी दिसतायत म्हणे. प्राणवायू चालू आहे. दिवसातले बरेच तास पालथं झोपवतात.

मी रात्रभर मोजत होते. तेरा तारखेला तिनं पिशवी ठेवली. सव्वीसच्या रात्रीपासून बाबांचं जेवण कमी झालं. तेरा दिवस. चौदाच्या आत बरोबर बसतं. तिला फोन करून हे सांगितलं. दोन दिवस उन्हात ठेवली होती, तरी त्या कक्षातून आलेली पिशवी ती. मी म्हटलं, तू यंत्र नाही दिलंस, आजार दिलास.

ती म्हणाली, मला कामावर जायचंय.

५ मे

आरोग्य खात्यातून एका बाईचा फोन आला. आजार कुठून आला त्याचा माग काढणं हे तिचं काम. गेल्या महिन्यात तुम्हाला ताप, अंगदुखी? मी नाही म्हटलं. तिनं पुन्हा विचारलं. मी म्हटलं, बाई, माझं नाक शाबूत आहे, माझा धंदाच तो आहे. मग पिशवीचं सांगितलं.

ती म्हणाली, पिशवीची गरज नाही, तुमच्या बहिणीनं चौकशीच्या अर्जात लिहून दिलंय. तेवीस एप्रिलला ती घरी येऊन गेली, मास्क न लावता वडिलांजवळ बसली.

हातातला फोन खाली ठेवायचंही सुचलं नाही. तेवीसला मी दिवसभर झोपले होते. म्हणजे मी झोपल्याचं बाबांकडून कळलं असणार आणि ही चोरासारखी आली. बाबांना फोनवर विचारलं. धापा टाकत म्हणाले, हो, आली होती ती. मीच बोलावलं. तिला बोलू नकोस.

बोलू नकोस. महिनाभर मी फडकी उकळली, वर्तमानपत्रांवर इस्त्री फिरवली, आणि या दोघांनी माझ्या झोपेचा फायदा घेतला.

६ मे

रुग्णालयाच्या मुख्य परिचारिकेला पत्र पाठवलं. या वेळी उजव्या हातानं आणि सहीसकट. विलगीकरण मोडून ज्या परिचारिकेनं स्वतःच्या वडिलांना आजार दिला तिला रुग्णांजवळ ठेवणं योग्य आहे का, असं विचारलं.

८ मे

धाकटीला कक्षातून काढलंय, चौकशी होईपर्यंत. तिनंच कळवलं, एका ओळीत. "तुझं पत्र पोचलं. आता बाबांना पाणी पाजायला कुणी ओळखीचं नाही."

मी उत्तर दिलं नाही. तिनं स्वतः कबूल केलंय, मी काय खोटं लिहिलं?

९ मे

मुख्य परिचारिकेचा फोन आला. धाकटीच्या दर आठवड्याच्या तपासण्या स्वच्छ आहेत, तेवीसला तिची कामाची पाळी होती, हजेरीवर सही आहे. तरी ती आपल्या म्हणण्यावर अडून बसलीय. तुमच्या फाटकावर काही नोंद असेल तर बघता का?

आनंदानं गेले. पहारेकऱ्याला म्हटलं, तेवीस तारीख काढ. मला तिच्या नावाची ओळ हवी होती. त्यानं पान काढून माझ्यासमोर धरलं. नऊ नोंदी. तिची एकही नाही. मी म्हटलं, तू तिला न लिहिता सोडलंस. तो भडकला.

"बाई, मी कशाला खोटं बोलू? तिला सोडलं असतं तर समितीनं मला सोडलं नसतं. ती रोज पाळी संपल्यावर यायची, त्या समोरच्या भिंतीपाशी उभी राहायची. वर बघायची, जायची. आत कधीच आली नाही. कुणा कुजक्या मनाच्या माणसानं तक्रार केली, देव जाणे."

मग त्यानं पानावर बोट ठेवलं. दुपारी चार दहा. तिसऱ्या मजल्यावरचे काका. कारण: औषध. "तुमचे वडील स्वतः उतरले होते त्या दिवशी. मी म्हटलं, मला सांगायचं, मी आणलं असतं. म्हणाले, मोठीला सणसणून ताप आहे, एकशेतीन, गोळ्या संपल्या. जाताना दर मजल्यावर बसत होते बिचारे."

मी तिथेच त्याच्या खुर्चीवर बसले. ती खुर्ची त्यानं नंतर माझ्यासमोरच पुसली.

वर आले आणि ही वही मागे उलटून वाचली. अठरा तारीख. बावीस. चोवीस. सव्वीस. सगळं माझ्याच अक्षरात आहे.

१० मे

रुग्णालयात जाऊन लेखी दिलं. ताप बावीसपासून, तीन दिवस. वास पूर्णवेळ शाबूत. शेजारच्या सहकाऱ्याला अठराला वास येत नव्हता, त्याच्याच कपांवर साठ वेळा वाकले. त्यानंतर वडिलांबरोबर बंद खोलीत. त्यांनी माझं रक्त घेतलं आणि संध्याकाळी सांगितलं की आजार होऊन गेल्याच्या खुणा त्यात स्पष्ट आहेत. डॉक्टर फार तरुण होते. म्हणाले, वास प्रत्येकाचा जातोच असं नाही. हे वाक्य मी एप्रिलमध्ये फुकट ऐकलं होतं.

धाकटी बाहेरच्या बाकावर होती. दोघींच्या मध्ये दोन बाकांची जागा. ती सांगत गेली, माझ्याकडे न बघता. बाबांचा वास पंचवीसलाच गेला होता. रंग बघून आणि पत्तीचा आकार बघून त्यांनी मला फसवलं. कक्षात आल्या आल्या तिला म्हणाले, आजार मोठीकडूनच आलाय, पण तिला कळलं तर ती जगायची नाही, तू तुझ्यावर घे. तुझं कातडं जाड आहे.

"जाड आहे का?" तिनं विचारलं.

मग तीच पुढे म्हणाली,

"तीन दिवस, ताई. तीन दिवस ते एकटे आहेत आत. मला कुणी सांगतही नाही आकडा किती आहे."

१७ मे

बाबा काल सकाळी गेले. सव्वानऊला.

तेरा तारखेचं तेव्हा लिहिलं नव्हतं. आता लिहिते, कारण मग लिहिणार नाही.

धाकटीला बाराला पुन्हा कामावर घेतलं. तेराला सकाळी तिचा फोन आला की प्राणवायू पुरत नाही, घशात नळी घालणार, त्यानंतर बोलता येणार नाही. त्याआधी पाच मिनिटं ती मला दाखवणार होती. पण एक अट. "तुला कळलंय हे त्यांना कळता कामा नये. एवढं एकच काम त्यांनी पुरं केलंय असं त्यांना वाटतंय. तू माझ्यावर चिडलेली राहा."

पडद्यावर बाबा आले. तोंडावर घट्ट मास्क, गालांना वळ, केस विस्कटलेले. मला माफी मागायची होती. गेले तीन दिवस मी तीच वाक्यं घोकत होते. बाबांनी हात उचलून एकेक शब्द सुटा सुटा टाकला. "धाकटीवर. रागावू. नकोस."

मी म्हटलं, "रागावू नको तर काय तिची आरती ओवाळू? सांगितलं होतं ना, घरी यायचं नाही. हिनं कधी कुणाचं ऐकलंय?"

माझा आवाज कापत होता. तो रागानं कापतोय असं वाटलं असेल.

पडद्याबाहेरून धाकटी म्हणाली, "हो. माझंच चुकलं. तुझं कधी काही चुकलंय का आयुष्यात? घरातून बॅग भरून हाकललीस तेव्हा तरी एकदा मागे वळून बघायचं."

"बघितलं असतं तर तू परत आत आली असतीस."

"आले असते. माझंही घर आहे ते. बाप तुझ्या एकटीचा नाही."

ती पुढेही बोलत राहिली. आईच्या आजारपणात मी तिला तिच्या कॉलेजच्या परीक्षेचं कारण देऊन लांब ठेवलं होतं, तेही काढलं. मला जमेल तसं मी उत्तर दिलं. बाबा एकदा माझ्याकडे, एकदा वर तिच्याकडे बघत होते. मास्कच्या कडेला डोळ्यांपाशी सुरकुत्या पडल्या. आम्ही लहानपणी भांडायला लागलो की ते करायचे तसा त्यांनी हाताचा तळवा हळूच खाली दाबला. पुरे. मग डोळे मिटले, अगदी निवांत.

डॉक्टर आले असावेत, पायांचे आवाज आले. धाकटी फोन घेऊन बाहेरच्या मार्गिकेत गेली. मास्क आणि चष्म्याच्या आत तिचे डोळे लाल झाले होते. मी म्हटलं, त्यांना खरं वाटलं ना गं सगळं?

"वाटलं." ती जरा थांबली. "तू नाटक करत होतीस, ताई. मी नव्हते."